फाटकाबाहेरचं ताट

नेल्सीचं हल्लीचं वागणं दोन्या बासिलियाला, म्हणजे बासिलियाबाईंना, अजिबात खपत नव्हतं, आणि न खपलेली गोष्ट पोटात ठेवायची सवय तिच्या घराण्यात कुणालाच नव्हती. तिने ती आधी सुनेला सांगितली, मग कुंपणापलीकडच्या शेजारणीला, आणि ऐकायला कुणीच उरलं नाही तेव्हा कोंबड्यांना दाणे टाकता टाकता कोंबड्यांना.

नेल्सी तिची नात. मुलीची मुलगी. मुलगी कानकुनच्या हॉटेलात चादरी बदलायला गेली ती तिकडचीच झाली, आणि पोर राहिली बासिलियाच्या चुलीपाशी. "चीच, चीच" म्हणत, म्हणजे आजी आजी करत, तिच्या पांढऱ्या झग्याची भरतकाम केलेली किनार मुठीत धरून ती वाढली. शिकली, मेरिदाला गेली, गेनेर नावाच्या एका शांत मुलाशी लग्न केलं आणि पाहुण्यांना गाव दाखवायचं काम करू लागली. सकाळी जुने अवशेष, मग जुनं चर्च, आणि दुपारी जेवायला बासिलियाच्या परसात. जेवणाची कल्पना नेल्सीचीच. बासिलियाच्या हातचं पिब गावात कुणाला जमत नाही, हे बासिलिया स्वतःच सांगायची, आणि कुणी नाही म्हणायचं नाही. शेंद्रीचं वाटण आणि आंबट संत्र्याचा रस लावलेलं डुकराचं मांस, केळीच्या पानांत गुंडाळलेलं, तापल्या दगडांवर ठेवून मातीखाली पुरलेलं. दुपारी माती बाजूला केली की सगळ्या गल्लीला भूक लागते.

पूर्वी व्हॅन थांबली की पहिली उडी नेल्सीची. ती सरळ खड्ड्याशी धावायची, पान उचकटायची, बोट चाटायची, हातावर चापट खायची आणि पाहुण्यांना ओरडून सांगायची, "ही माझी चीच. हिनेच मला वाढवलं, म्हणून मी अशी तिखट आहे."

आणि आता? आता ती फाटकाबाहेर गुलमोहराखाली उभी राहायची. आत पाऊल नाही. पाहुण्यांना हाताने वाट दाखवायची आणि म्हणायची, आत चला, घरच्या बाई वाढतील. घरच्या बाई. जिने तिच्या उवा काढल्या, ती घरची बाई. जेवायचं म्हणाल तर घासभरही नाही. बाटलीतलं पाणी प्यायची आणि पाहुणे हात धुऊन येईपर्यंत फोनकडे बघत बसायची.

सून एल्सी भली. ती म्हणाली, ऊन लागत असेल, कामाचे फोन असतील. बासिलियाने तिला सुनावलं की ऊन काय ह्याच वर्षी उगवायला लागलं? कारण बासिलियाला ठाऊक होतं. कारण आरशात दिसत होतं. पुढचा एक दात नाही, टाचांना भेगा, चप्पल फक्त चर्चला जाताना. शाळा म्हणाल तर नाव लिहिण्यापुरती, तेही वाकडं. पोरगी गुळगुळीत लोकांत वावरते, तिला आजीची लाज वाटायला लागली. एवढं साधं.

लाज वाटत असेल तर वाटू दे, पण मग जेवायला इथे आणायचं नाही, असं बासिलियाने ठरवलं. मात्र न्याय करायचा तर डोळ्यांनी बघून करायचा. एक दिवस आपण त्या व्हॅनमध्ये बसायचं, पोरगी लोकांसमोर काय बोलते ते ऐकायचं, आणि दुपारी सगळ्यांदेखत सांगून टाकायचं की उद्यापासून तुझे पाहुणे दुसरीकडे ने. हे फाटक तुला बंद.

पिबाची एक सोय असते. एकदा मातीखाली गेलं की त्याला माणूस लागत नाही. पहाटे ते पुरून झालं, एल्सीला खड्ड्याजवळ बसवून कुत्र्यावर नजर ठेवायला सांगितलं, आणि बासिलिया लाल फुलांचा झगा, सोन्याची साखळी आणि उन्हाची छत्री अशा थाटात रस्त्यावर जाऊन उभी राहिली.

विल्बेर्थ ड्रायव्हर रोज तिच्या घराजवळ हॉर्न वाजवून सलाम करायचा. आज त्याला ब्रेकच मारावा लागला, कारण ती रस्त्याच्या मधोमध होती.

नेल्सीने दार उघडलं आणि खाली वाकून, हळू आवाजात, आपल्या माया बोलीत विचारलं की काय झालं, कुणाला बरं नाही का. बासिलियाने उत्तर स्पॅनिशमध्ये दिलं, मागच्या सीटपर्यंत पोचेल असं. ती म्हणाली की फिरायला निघालेय, अवशेष बघायचेत, फार जुने आहेत म्हणतात, निदान माझ्याइतके तरी असतील.

पाहुणे हसले. एक मॉन्तेरेची बाई होती, ग्रासिएला नावाची, बोलकी. आणि चिलीचं एक निवृत्त जोडपं. नवरा इतका उंच की व्हॅनमध्ये मान वाकडी करून बसला होता. ग्रासिएलाने पिशवी उचलून बासिलियाला जागा दिली. नेल्सीने पाहुण्यांकडे वळून सांगितलं की ह्या बाई आज आपल्याबरोबर आहेत, गावातल्याच आहेत.

गावातल्याच. बासिलियाने छत्रीची मूठ घट्ट धरली. घरच्या बाईवरून आता गावातली झाली. संध्याकाळपर्यंत परदेशी करून सोडेल.

मायापानच्या अवशेषांपाशी पोचेपर्यंत ती गप्प बसली, आणि विल्बेर्थ आरशातून दोनदा तिच्याकडे बघून गेला, कारण दोन्या बासिलिया गप्प बसली की गावात लोक वाळत घातलेले कपडे आत घेत.

अवशेषांच्या दाराशी एक पांढरी सावर होती. नेल्सीने सगळ्यांना तिच्या सावलीत बसवलं, काठीने मातीत रेघा मारल्या, आणि कुठे कोण राहायचं, पाणी कुठून यायचं, बाजार कुठे भरायचा ते सांगितलं. बोलायची छान. मध्येच ती एक गोष्ट अर्धी सोडायची आणि ऐकणारा पुढे झुकला की मग पुरी करायची. ही युक्ती कुणाची, ते बासिलियाने लगेच ओळखलं. तिचीच.

उंच गृहस्थांनी विचारलं की मग ही सगळी माणसं गेली कुठे?

नेल्सी म्हणाली, "आम्ही कुठे गेलो नाही. एक तर तुमच्या मागेच बसलीय. पण तिला विचारू नका, ती संध्याकाळपर्यंत सांगत बसेल."

सगळे मागे वळले. बासिलियाने हनुवटी वर केली. आतून मात्र ती गोंधळली. पोरगी "आम्ही" म्हणाली. "ते" म्हणाली नाही. म्हणजे हिला आपल्या लोकांची लाज नाही. मग राहिली कोण? राहिले मी. फक्त माझीच लाज आहे तर. हे जास्त लागलं.

मग नेल्सीने पाहुण्यांना सांगितलं की आता तुम्ही आत जाऊन मनसोक्त फिरा, पायऱ्या जपून चढा, मी इथेच आहे. आणि ती खरंच तिथेच राहिली, दाराबाहेर, सावरीच्या मुळावर बसून. बासिलिया आत जाताना मागे बघत होती. हीच पोरगी लहानपणी सरपणाला आली की ह्या दगडांवर बकरीसारखी पळायची, आणि हाका मारमारून आजीचा घसा बसायचा. आता पगार घेते आणि दाराशी बसते. जसं माझं फाटक, तसंच ह्या दगडांचं दार.

तिने विल्बेर्थला गाठलं. तो टपरीवर कलिंगडाचं सरबत पीत होता.

"रोज अशीच बाहेर बसते का रे ही?"

"महिनाभर झाला, दोन्या. पाय दुखतात म्हणते."

"आणि तू ऐकून घेतलंस."

"मी गाडी चालवतो, दोन्या बासिलिया. पाय त्यांचे आहेत."

मग मानी गाव आलं. मोठा चौक, भरतकामाची दुकानं, आणि डोंगराएवढं जुनं चर्च, ज्याच्या भिंती बांधायला आपल्याच लोकांच्या देवळांचे दगड वापरले. नेल्सीने सांगितलं की ह्याच अंगणात एका पाद्र्याने आमची पुस्तकं जाळली, आणि हे सांगताना तिचा आवाज असा काही उतरला की ग्रासिएलाने डोळे पुसले. मग ती पायऱ्या चढून वर गेली. तरातरा. दुखऱ्या पायांची बाई अशी चढत नाही. बासिलियाने प्रत्येक पायरीवर तिचे पाय बघितले आणि मनात दुपारचं भाषण जुळवत राहिली. पाय दुखतात हे खोटं. ऊन लागतं हे खोटं. आता फक्त पान उघडायचं बाकी आहे, मग बोलते.

चर्चमध्ये गारवा होता. बासिलिया शेवटच्या बाकावर बसली, कारण तिथून सगळं दिसतं. नेल्सी पुढे उभी राहून लाकडी वेदीवरच्या संतांची ओळख करून देत होती. बोलता बोलता तिने घाम पुसायला शर्टाच्या खिशातून रुमाल ओढला आणि त्याबरोबर काहीतरी हिरवं खाली पडलं. ती तशीच बोलत पुढच्या संताकडे गेली.

बासिलिया उठली, गुडघ्यांना शिव्या देत वाकली आणि ते उचललं. सतापाची डहाळी होती. ताजी. बोटांत चुरडली तर तो कडू, दाट वास आला, जो तिच्या हातांना आयुष्यभर येत राहिला होता. गावात मूल झालं की पाळण्याला सताप. दृष्ट लागली की सताप. आणि जिला दिवस गेलेत तिच्या खिशात सताप, वारं लागू नये म्हणून.

ती हळूच खाली बसली.

जुन्या दगडांत वारं असतं. ते कुणाचं वाईट करावं म्हणून नसतं, ते नुसतं असतं, जसं विहिरीत गार असतं. पण पोटुशी बाई त्यात शिरत नाही. हे गावात शेंबड्या पोरालाही ठाऊक. आणि दुसरंही ठाऊक, की पोटुशी बाई पिबाच्या खड्ड्याशी येत नाही. तिची सावली पडली की दगडांची सगळी धग तिच्याकडे ओढली जाते आणि मांस कच्चं राहतं.

पाय नाही. ऊन नाही. लाज नाही.

महिनाभर पोरगी फाटकाबाहेर उभी राहिली, ती आजीचं पिब पाहुण्यांसमोर कच्चं निघू नये म्हणून. आणि आजी, जिच्या कडेवरून निम्मं गाव उतरलंय, जिला पोराला पहिल्यांदा कडेवर घ्यायच्या विधीसाठी लोक लांबच्या वाडीवरून बोलवायला येतात, त्या आजीला हे दिसलं नाही. ती आरशात दात बघत बसली होती.

मग गेल्या वर्षीचं आठवलं. तेव्हाही नेल्सीला दिवस गेले होते. तिने आल्या आल्या सगळ्या गल्लीला सांगितलं, रोज पाहुण्यांपुढे अवशेषांच्या पायऱ्या चढली, आणि वाऱ्याची गोष्ट निघाली की हसायची. मग एके सकाळी ते सगळं संपलं. बाया बघायला आल्या आणि जाता जाता प्रत्येकीने तेच म्हटलं, दगडांत फिरत होती ना, वारं लागलं. बासिलियाने दोघींना तर झाडूनेच वाट दाखवली. ती स्वतः एक अक्षर बोलली नाही. आयुष्यात एवढं गप्प राहायची वेळ तिच्यावर एकदाच आली. नेल्सी झुल्यात भिंतीकडे तोंड करून पडून होती आणि बासिलिया जमिनीवर बसून झुल्याची दोरी ओढत राहिली. झोका, आणि झोका, आणि झोका.

पुढे नेल्सी सांगत होती की हा संत हरवलेल्या वस्तू शोधून देतो. बासिलिया उठली. अनवाणी पायांचा आवाज होत नाही, पण आज चर्चसाठी घातलेली चप्पल होती, आणि ती फटक फटक वाजवत ती थेट पुढे गेली. पाहुण्यांनी वाट दिली. कपड्यावरचा धागा काढावा तसं तिने नातीच्या शर्टाचा खिसा सारखा केला, डहाळी आत ठेवली आणि वरून हलकेच थोपटलं.

नेल्सीचं वाक्य मध्येच थांबलं. तिने आजीकडे बघितलं. बासिलियाने संताकडे बघितलं, जणू त्याच्याशीच काम होतं, आणि परत आपल्या बाकावर जाऊन बसली. नेल्सीने वाक्य पुरं केलं, पण तो संत नक्की काय करतो ते ह्या खेपेला तिने चुकीचं सांगितलं.

घरी येताना ग्रासिएला बासिलियाला विचारत राहिली की तुमची मुलं किती, ही साखळी आईची का, आणि शेवटी, की तुम्ही ह्या नेल्सीला पूर्वीपासून ओळखता का. बासिलिया म्हणाली की थोडंफार ओळखते, पण अजून पुरती कळली नाही. पुढच्या सीटवर नेल्सीचे खांदे हलले. हसत होती की रडत होती, ते मागून कळेना.

व्हॅन थांबली. नेल्सी उतरली आणि सवयीने गुलमोहराखाली जाऊन उभी राहिली. तिने पाहुण्यांना हात दाखवला. पाहुणे आपोआपच आत गेले, कारण वास आला होता.

एल्सीने माती बाजूला केली, पत्रा काढला, पानं उघडली. वाफ गेली आणि मांस दिसलं, लाल, मऊ, हाताने तुटेल असं. गल्लीतल्या कुत्र्यांनी एकदम मत दिलं. एल्सीने ताटांची रांग मांडली आणि पहिलं ताट रिवाजाप्रमाणे सर्वांत थोर पाहुण्याला, म्हणजे त्या उंच गृहस्थांना द्यायला उचललं.

बासिलियाने ते तिच्या हातातून काढून घेतलं.

खड्ड्याच्या कडेचा, रस जास्त मुरलेला तुकडा तिने निवडला. वर गुलाबी कांदा घातला. मिरची घालता घालता थांबली आणि ठेवून दिली. गरम भाकऱ्या फडक्यात गुंडाळल्या, आणि सगळ्या परसाच्या डोळ्यांदेखत, जी बाई सरपंच आला तरी त्याला आत येऊन वाढून घ्यायला लावते, ती ताट घेऊन फाटकाबाहेर गेली.

गुलमोहराखाली विल्बेर्थचा लाकडी ठोकळा होता. तिने नेल्सीला त्यावर बसवलं, ताट मांडीवर दिलं आणि स्वतः छत्री उघडून उभी राहिली, छत्रीची सावली नातीवर.

"खा. कच्चं नाही राहिलं."

नेल्सीने एक घास घेतला आणि तिचे डोळे भरले. चावत चावतच ती म्हणाली, "मला सांगायचं होतं, चीच. पण गेल्या वेळी सांगितलं आणि..."

"माहितीय."

"सगळ्या बोलल्या तेव्हा. तू एकटीच बोलली नाहीस. पण तू न बोललेलं मला ऐकू येत होतं." तिने नाक पुसलं. "म्हणून ह्या वेळी सगळं पाळतेय. गेनेर हसतो. हसू दे. दगडांत नाही जात. इथे खड्ड्याशी नाही येत. आणि तू माझी आजी आहेस म्हटलं की ते लोक लगेच आपल्या दोघींना पिबापाशी उभं करतात, फोटोसाठी. नाही म्हटलं तर का म्हणून विचारतात. म्हणून मग..."

"म्हणून मला घरची बाई केलंस."

नेल्सीने मान खाली घातली. आतून ग्रासिएलाचं हसणं आणि ताटांचा आवाज येत होता. बासिलियाने नातीच्या डोक्यावरून हात फिरवला, एक पिवळं पान काढलं, आणि एक उगाच, नसलेलंही काढलं. दुपारसाठी जुळवलेलं भाषण तिला पाठ होतं. त्यातला एकही शब्द आता उपयोगाचा नव्हता. पण निकाल देणार म्हणून ती सकाळी निघाली होती, आणि निकाल दिल्याशिवाय घरात जाणारी ती नव्हती. तिने छत्री दुसऱ्या हातात घेतली.

"आता ऐक, नेल्सी. पिबासाठी लांब राहिलीस, ते शहाणपणाचं. पण फोटोवाल्यांच्या भीतीने मला घरची बाई केलंस, तो मूर्खपणा. माझ्या परसात कोण कुठे उभं राहणार ते मी ठरवते, मॉन्तेरे नाही. आणि मी न बोललेलं तुला ऐकू आलं, तर मी ते का बोलले नाही हेही ऐकू यायला हवं होतं. तू रडत होतीस म्हणून. दुसरं काही नाही. तेव्हा उद्यापासून पाहुण्यांना सांगायचं की आत माझी आजी आहे आणि तिला प्रश्न विचारायचे नाहीत. तुझं ताट रोज इथे येईल, मीच आणीन, आणि तू बसून संपवशील. बाकी मी काही बोलत नाही, कुणाजवळ बोलणारही नाही, एल्सीजवळसुद्धा नाही. माझी कड रिकामी आहे, एवढंच सांगून ठेवते. खा आता, निवतंय."